उभ्यानं ऐकायचं नाही

फेब्रुवारी १९६५. बाजाराचा दिवस, दुपार. जागा : यवतमाळ, कापसाच्या जुन्या गोदामातली 'बैठक'. हजर माणसं : सोनाजी वस्ताद, क्लॅरनेट. दगडू, ढोलकी, हा सोनाजीचा साळा. रामू नाईक, थाळी. हे राळेगावकडच्या तांड्याचे. पोलिसांचे जमादार, हातात कागद. आणि मी, बिछायतवाला. ऐकणारेही होते, पण त्यांना हजेरीत धरत नाही, कारण जमादारांच्या हातात कागद दिसताच निम्मे उठून गेले होते.

सतरंज्या, खुर्च्या, गॅसबत्त्या आणि लाउडस्पीकर भाड्यानं देणं हा माझा धंदा. काय गेलं, काय आलं, काय फाटून आलं, हे ज्याला आठवत नाही त्यानं या धंद्यात पडू नये. आठवणीही मी त्याच रीतीनं मांडतो. आधी कोण होतं, मग काय झालं.

त्या दुपारी जमादारांना दोन माणसांची हमी हवी होती : बैठकीत दारू विकली जात नाही आणि कुणी पिऊन बसत नाही. हमी मिळाली तर परवाना पुढं चालू, नाही तर दाराला कुलूप. अडचण एवढीच होती की सोनाजीचा या गावातल्या एकाही माणसावर विश्वास नव्हता. माझ्यावर तर मुळीच नव्हता.

बैठक म्हणजे काय, ते कळायला आधीच्या जागा सांगायला हव्यात. पूर्वी यवतमाळात वाजवणं ऐकायचं तर बाजाराजवळच्या गुत्त्यात जावं लागे. तिथं कोपऱ्यात पेटी आणि ढोलकी असे आणि पिणाऱ्यांच्या फर्माईशीवर वाजवणाऱ्यांचं पोट चाले. साहेब लोकांचा क्लब होता, त्याच्या कुंपणाबाहेर उभं राहिलं की आतला रेडिओग्रॅम ऐकू येई. मोटारस्टँडजवळ बाबूलालचं हॉटेल होतं. तिथं फोनो होता, आणि एका चहावर बाबूलाल किती गाणी ऐकू देतो हे त्याच्या तब्येतीवर असे. जत्रेच्या दिवसांत तंबू पडत. दारूबंदी आली तसा गुत्ता बंद झाला. क्लबात परमिटवाल्यांची एक खोली तेवढी उरली. पेटी-ढोलकीवाले कापसाच्या जिनिंगमध्ये नाही तर शेतात मजुरीला लागले. या सगळ्या जागांना माल माझ्याकडून जाई. परत आलेली सतरंजी मी उलगडून नाकाशी धरत असे. तिथं लोक चहा प्याले की आणखी काही, ते सतरंजी सांगते.

सोनाजी कळंबजवळच्या खेड्यातला. घरात बापजाद्यांपासून वाजंत्री. पाटलाकडं बारसं असो, गावात पोळा असो, निरोप आला की निघायचं, दाराबाहेर उभ्यानं वाजवायचं, वरून टाकतील ते उचलायचं. छप्पन साली नागपूरला दीक्षा झाली. वस्तीनं ठरवलं की आता कुणाच्या दारी वाजवायचं नाही. डफडी खुंटीवरून उतरली, काही चुलीत गेली. सोनाजीनं सनई चुलीत घातली. क्लॅरनेट मात्र बायकोच्या जुन्या लुगड्यात गुंडाळून त्यानं यवतमाळला आणलं आणि जिनिंगमध्ये कामाला लागला.

"वाजवनं नाही सोडलं म्या," तो म्हणायचा. "दारी जानं सोडलं. ऐकाचं असन त् त्यायनं यावं."

लोकांनी यावं म्हणून त्यानं गोदामाचा अर्धा भाग भाड्यानं घेतला. एका टोकाला फळ्यांचा ओटा केला. कायदे त्याचेच. वाजवणारे खुर्चीवर बसतील, ऐकणारे खाली सतरंजीवर. उभ्यानं ऐकायचं नाही. नाणं फेकायचं नाही. आणि बैठक दुपारीच भरणार, दिवे लागायच्या आत मोडणार.

या शेवटच्या कायद्यावरून माझी त्याची पहिली बोलाचाली झाली. मी म्हटलं, "वस्ताद, गाणं संध्याकाळी रंगतं. दोन गॅसबत्त्या लावा. पहिल्या महिन्याचं भाडं नको मला."

"फुकट काहून देता?"

"ओळख व्हावी म्हणून."

"अंधारात ऐकनाऱ्याचं तोंड दिसत नाही," तो म्हणाला. "तोंड दिसल्याबिगर मी वाजवत नाही. अन् फुकट बत्तीचं त् मले बिलकुल काही दिसत नाही."

चार खुर्च्या न्यायला मात्र तो आला. दुकानाच्या पायरीवर त्यानं एकेक खुर्ची उलटी केली, चारही पाय हलवून पाहिले, खिळ्यांवर अंगठा फिरवला. मग दगडूला म्हणाला, "बस." दगडू बसला. "जोरानं बस." दगडूनं उडी मारून बैठक मारली. सगळ्या खुर्च्यांची हीच परीक्षा. मला राग आला.

"वस्ताद, माझ्या खुर्च्यांवर तहसीलदार बसतात."

"बसत असतीन," सोनाजी म्हणाला. "त्यायले कोनी पाडत नाही."

खुर्च्या सायकलला बांधताना दगडूनं मला हळूच सांगितलं. दीक्षेच्या आधीची गोष्ट. एका मोठ्या घरच्या लग्नात सोनाजी सकाळपासून उभ्यानं वाजवत होता. वऱ्हाडातल्या चार तरुण पोरांनी त्याच्यासाठी खुर्ची आणली. वस्ताद, दमले असाल, बसा. जन्मात पहिल्यांदा कुणी त्याला खुर्ची दिली होती. तो अंग चोरून बसला. खुर्चीचा एक पाय मोडका होता, नुसता टेकवून ठेवलेला. सोनाजी तोंडातल्या वाद्यासकट पडला आणि पुढचा दात अर्धा तुटला. मांडव हसला. नवरदेवही हसला. त्या तुटक्या दातामुळं त्याच्या वरच्या सुरात एक बारीक शीळ मिसळत असे. लोकांना वाटे, ती त्याची कला आहे.

हे कळल्यावर मी खुर्च्यांच्या बाबतीत बोलणं सोडलं.

बैठकीच्या दारात सोनाजी स्वतः उभा राही. येणाऱ्या प्रत्येकाला तो नाव विचारी. ओळखीच्यालाही. तोंड अगदी जवळ नेऊन विचारी.

"नाव?"

"अरे वस्ताद, मी दगडू होय. तुमचा साळा."

"नाव सांग."

"दगडू!"

"पूर्न सांग. दमानं सांग."

माणूस पूर्ण नाव सांगेपर्यंत सोनाजीचं नाक काम उरकून घेई. मोहाची पिऊन आलेला एक जण तोंड मिटून मान हलवत राहिला, तर सोनाजीनं त्याला बाजूला उभं केलं आणि म्हणाला, "मुका असशीन त् ऐकू बी येत नसन. घरी जाय." त्याला एक माहीत होतं : अशा जागेत एकदा एकच बाटली सापडली की पुरे. बाबूलालच्या हॉटेलात सापडली तर बाबूलालचं नाव खराब होईल. इथं सापडली तर सगळ्या वस्तीचं होईल.

एका ठेकेदारानं आगापीछा न पाहता ओट्यावर रुपया फेकला. तो सोनाजीच्या बुटाशी येऊन पडला. सोनाजीनं सूर तोडला. दोन्ही पाय उचलून खुर्चीच्या आडव्या दांडीवर ठेवले आणि गप्प बसला. दगडूची ढोलकी थांबली. कुणी हलेना. शेवटी मागून एक म्हातारी ओरडली, "उचल ना बाप्पा तुहा रुपया, आमचं गानं अडलं ना!" ठेकेदार उठला, ओट्यापर्यंत गेला, वाकला, रुपया घेतला आणि जागेवर येऊन बसला. सोनाजीनं पाय खाली घेतले आणि जिथं सोडलं होतं तिथूनच धरलं.

मग कुणीतरी कचेरीत निनावी तक्रार केली की बैठकीत दारू चालते. जमादार पहिल्यांदा आले ते या तक्रारीवरून. ऐन रंगात दारातून आत आले आणि कमरेवर हात ठेवून उभे राहिले. सोनाजीनं क्लॅरनेट मांडीवर ठेवलं.

"बसा साहेब."

"मी ऐकायला नाही आलो. तपासायला आलो."

"तपासा मंग. आमी थांबतो. इथं कोनी उभं असलं का आमचा सूर लागत नाही."

जमादारांनी कोपरे पाहिले, माठात डोकावले, ओट्याखाली काठी घातली. एवढ्या वेळात सगळी बैठक त्यांच्याकडं बघत बसली होती, आणि लोकांच्या नजरा काही बऱ्या नव्हत्या. काही सापडलं नाही. जमादार जायला वळले, दारापर्यंत गेले, परत आले, बूट काढले आणि मागच्या सतरंजीवर टेकले. पुढं ते अधूनमधून येत. नाव मात्र सोनाजी त्यांनाही विचारी.

तक्रार कुणी केली? सोनाजीला रात्री झोप लागेना. बाबूलालवर त्याचा संशय होता, कारण बाजाराच्या दुपारी फोनोपुढची बाकं रिकामी पडत. माझ्यावर होता, कारण दिवे लागायच्या आत बैठक मोडली की माझ्या गॅसबत्त्या पडून राहत. दगडूवरही होता, का ते दगडूलाही ठाऊक नव्हतं. पण सर्वांत जास्त संशय दारातल्या माणसावर.

हा माणूस दर बाजाराला येई. डोक्याला लाल पागोटं, हातात काठी, एक पाय उंबऱ्याच्या आत, एक बाहेर. नाव विचारलं तर सांगे : रामू नाईक. पण बसत नसे. बस म्हटलं की हसून बाहेर सरके आणि भिंतीला पाठ लावून तिथून ऐके. शेवट व्हायच्या आधी निघून जाई.

"अर्धा आत, अर्धा भायेर," सोनाजी मला म्हणाला. "हा ऐकाले येत नाही. हा पाहाले येते."

"म्हातारा माणूस आहे. तांड्यावरचा दिसतो."

"तुमी काहून त्याची बाजू घेऊन राह्यले?"

मी सतरंज्या मोजायला घेतल्या.

एका बाजारी सोनाजीनं ठरवूनच ओटा सोडला. दारात जाऊन म्हणाला, "हे पाहा नाईक. बसा, नाही त् या गावात दुसऱ्या जागा आहेत. मले उभा मानूस चालत नाही."

म्हाताऱ्यानं त्याच्याकडं पाहिलं, बैठकीकडं पाहिलं. मग काठी भिंतीला टेकवली, दोन्ही हातांनी चौकट धरली आणि हळूहळू, एक पाय सरळ पुढं लांबवत, खाली सतरंजीवर गेला. बसताना त्याच्या घशातून आवाज आला. सोनाजी ओट्यावर परतला आणि त्या दिवशी त्यानं फार वेळ वाजवलं. बहुधा म्हातारा मध्येच उठतो का, ते पाहण्यासाठी. म्हातारा उठला नाही.

बैठक मोडली. लोक गेले. मी सतरंज्या गुंडाळत शेवटच्या सतरंजीपर्यंत आलो तर नाईक त्यावर तसाच बसून.

"बाबा, उठा. सतरंजी घ्यायची आहे."

"घे ना बापू," नाईक म्हणाला. "पन मले बी घे संग. ह्यो पाय वाकत नाही. गाडी पलटली तवापासून. बसलो का दोन मानसं लागते उठवाले."

सोनाजी क्लॅरनेट पुसत होता. त्याचा हात थांबला. तो आला. एका बाजूनं मी, एका बाजूनं तो, असं आम्ही नाईकाला उभं केलं. काठी हातात दिली. मला वाटलं, आता सोनाजी माफी मागेल. तो म्हणाला :

"मंग आधी काहून नाही सांगतलं?"

"तुमी काय विचारलं वस्ताद? नाव विचारलं. ते सांगतलं."

"अन् शेवटाच्या आधी कायले जाता?"

"मोटार असते ना बापू. चाल हळू पडते माही."

सोनाजी घरी गेला. पण त्याच्यापुढं मोठाच पेच होता. खाली बसवला तर म्हाताऱ्याला उचलावं लागणार. उभा ठेवला तर कायदा मोडतो. आणि ऐकणाऱ्यांत खुर्ची टाकली तर उद्या ठेकेदारही खुर्ची मागेल. पुढच्या बाजाराला सकाळी तो दुकानात हजर.

"एक खुर्ची अजून पाहिजे. उंच बुडाची."

खुर्ची उलटी झाली, पाय हलवले गेले, दगडू आदळला. दुपारी मी पाहिलं तर ती खुर्ची खाली नव्हती. ओट्यावर होती, वाजवणाऱ्यांच्या रांगेत.

नाईक दारात अडखळला. "मी तिथं? लोकं म्हनतीन, ह्यो काय वाजवते?"

"त् वाजवा काही."

"थाळी वाजवतो ना मी. आमच्या तांड्यात होळीले कोन वाजवते मंग?"

दगडू चहावाल्याकडून काशाचं ताट घेऊन आला. नाईकानं ते न वाकणाऱ्या गुडघ्यावर आडवं धरलं, एका लाकडी काडीनं कडेवर टिचकी दिली, कान लावला, मान हलवली. मग ढोलकीच्या दोन ठोक्यांच्या मधल्या जागेत त्यानं अशी काही काडी टाकली की दगडू हसायलाच लागला. पुढं नाईक घरची थाळी घेऊन येऊ लागले. परतीच्या मोटारीपर्यंत त्यांना आम्हीच सायकलवर सोडत असू.

मी सोनाजीला विचारलं, "आता गेला का संशय?"

"ताल चुकत नाही त्यायचा," तो म्हणाला. "खबऱ्या असता त् चुकला असता. त्याचं ध्यान दाराकडं राह्यते." मग क्लॅरनेट पुसत, "तुमचं बी दाराकडंच राह्यते."

आता पुन्हा फेब्रुवारीतली ती दुपार. दुसरी तक्रार गेली होती आणि या वेळी जमादार कागद घेऊन आले होते. बूट काढून बसले, पाणी प्याले आणि म्हणाले, "वस्ताद, माझ्या हातात नाही आता. दोन हमी द्या. आजच."

"मी देतो," नाईक म्हणाले. त्यांनी अंगठा उठवला. तांड्याचे नाईक, जमीनवाले. त्यांच्यावर कुणाचं काही म्हणणं नव्हतं.

"दुसरा?"

सोनाजीनं बैठकीवर नजर फिरवली. लोक मागं सरकत होते. कागद म्हटलं की सतरंजीवरचा माणूस भिंतीकडं सरकतोच. सोनाजीनं त्यांना विचारलंही नाही. विचारणं म्हणजे विश्वास ठेवणं, आणि ते त्याला जमत नव्हतं. क्लॅरनेट त्यानं उकलायला घेतलं. तुकडा वेगळा करून लुगड्यात ठेवला. दगडू रडकुंडीला आला. "दाजी, कोनाले तरी म्हना ना!"

जमादारांनी माझ्याकडं बोट केलं. "हे का नाही?"

"त्यायच्या बत्त्या माह्यापायी पडून राह्यल्या," सोनाजी माझ्याकडं न पाहता म्हणाला. "ते काहून देतीन हमी? अन् देतीन त् कायच्यावरून देतीन? त्यायले काय मालूम इथं पेतेत का नाही?"

प्रश्न रास्त होता. हमी द्यायची तर आधार हवा. मी म्हटलं, "मला माहीत आहे. तुमच्याकडून आलेली प्रत्येक सतरंजी मी हुंगतो."

त्यानं झटकन मान वर केली. "हुंगता? काहून?"

"सगळ्यांच्याच हुंगतो. क्लबातल्या, लग्नातल्या, बाबूलालच्या. तुमच्या सतरंजीला घामाचा वास येतो, सरकीचा येतो, बिडीचा येतो. दुसरा आजवर आला नाही. आला असता तर पुढची सतरंजी दिली नसती."

सोनाजी माझ्याकडं बघत राहिला. रागावला असं वाटलं. मग त्याचा तो तुटका दात दिसला. मी त्याला हसताना त्याआधी पाहिलं नव्हतं.

"म्हंजे येताना मी हुंगतो," तो म्हणाला, "अन् गेल्यावर तुमी?"

"हो."

"दगडू, आयकलं काय? ह्यो मानूस आपल्यावर इतक्या दिवसापासून संशय घेऊन राह्यला!" तो इतका खूश झाला होता की त्यानं जमादारांच्या हातातला कागद ओढून माझ्यापुढं धरला. "करा सही, भाऊ."

तोवर मी त्याच्यासाठी 'बिछायतवाले' होतो. मी सही केली. सोनाजीनं क्लॅरनेट पुन्हा जोडलं. जमादार शेवटपर्यंत बसले.

तक्रारी कुणी केल्या, ते कळलं नाही. माझा एका माणसावर संशय आहे. तो अजून माझ्याकडून सतरंज्या नेतो, म्हणून नाव लिहीत नाही.

पुढच्या एका होळीनंतर नाईक आलेच नाहीत. तांड्यावरून एक बाई त्यांची थाळी घेऊन आली आणि ओट्यावर ठेवून गेली. म्हणाली, त्यांनी सांगून ठेवलं होतं. त्यांची खुर्ची रांगेतून कुणी काढली नाही. तिचं भाडं मी लावणं बंद केलं. सोनाजीनं एकदा विचारलं, "फुकट काहून?" मी म्हटलं, "संशय घ्या." त्यानं घेतला असेलही.

जिनिंगमधला कापूस त्याच्या छातीत बसला होता. दम पुरेना तशी त्यानं क्लॅरनेट दुसऱ्याच्या हाती दिलं आणि स्वतः दारातच उभा राहू लागला. मग पोरीकडं राळेगावला जायचं ठरलं. निघायच्या आदल्या बाजारी बैठक मोडल्यावर मी सतरंज्या गुंडाळत होतो. तो दारातून ओट्यापर्यंत चालत आला, मध्ये एकदा भिंतीला धरून थांबला. ओट्यावर चढला. समोर नाईकाची खुर्ची होती. मी सवयीनं वाट पाहिली की आता उलटी होणार, पाय हलवले जाणार. दगडूही पुढं सरकला, आदळायला. सोनाजी तसाच बसला. नुसता वळला आणि बसला. पाठ मागं टेकवली, हात मांडीवर ठेवले आणि रिकाम्या सतरंजीकडं बघत राहिला. दगडूनं माझ्याकडं पाहिलं.

दिवे लागायची वेळ झाली तसा तो उठला. दारात मला म्हणाला, "सतरंजी हुंगत जा भाऊ. दगडूचं काही खरं नाही."

तो गेल्यावर मी ओट्यावर जाऊन ती खुर्ची उलटी केली. मागचा डावा पाय ढिला होता. खिळा अर्धा बाहेर आलेला, हातानं हलवला की पाय डुगडुगे.

दगडूला सांगून ठेवलं आहे, त्या खुर्चीवर कुणाला बसू देऊ नकोस. ती दुकानात आणायची, नवा खिळा ठोकायचा, जागेवर नेऊन ठेवायची. अर्ध्या तासाचं काम. दर बाजाराला हातोडी घेऊन निघतो. अजून झालेलं नाही.